सुकटवालीची साक्ष

प्रिय केतन,

पाकिटावर माझं अक्षर बघून दचकू नकोस, मी ठणठणीत आहे. फोनवरही बोलता आलं असतं, पण तुझ्या फोनवरचा माझा विश्वास उडालाय. दिवाळीत तुझ्या बाबांच्या घोरण्याबद्दल मी सहज काही बोलले, तर ते तू पॉडकास्टवर साऱ्या जगाला ऐकवलंस. मेसेज तू वाचत नाहीस, नुसता अंगठा पाठवतोस. म्हणून हा कागद. एकटा असताना वाच, आणि तुझ्या त्या टीममधल्या कुणाला वाचायला देण्याआधी शेवटपर्यंत वाच.

इथे नवीन पनवेलात तुझ्यामुळे सगळ्या बायका पोलिसात भरती झाल्यासारख्या वागतायत. खालच्या मजल्यावरची रंजिता भाजी निवडताना कानात तुझा ‘पुकारा’ पॉडकास्ट घालून बसते. वॉचमन दोन दिवस दिसला नाही, तर तिने जिन्यात मला गाठून विचारलं, त्याची बायको हल्ली फारच शांत वाटत नाही का? तो गावी गेला होता, बहिणीच्या लग्नाला. मीही काही कमी नाही म्हणा. दूधवाल्याचं माप, मोलकरणीची पिशवी, तुझ्या बाबांचा अचानक आलेला प्रेमळपणा, मी सगळ्यांकडे तिरप्या डोळ्यानेच बघते. कोर्टात छत्तीस वर्षं टाइपरायटर बडवला की माणूस ‘नमस्कार’सुद्धा सरळ घेत नाही. तू प्रत्येक भागाच्या सुरुवातीला कौतुकाने सांगतोस ना, की माझी आई कोर्टात होती आणि मी पोटात असल्यापासून खटले ऐकतोय. रंजिता ते ऐकून माझ्याकडे अशी बघते की जणू निकाल मीच देत होते.

तुझे जुने भाग मला आवडले. शिरढोणच्या वासुदेव बळवंतांवरचा खटला तू छान सांगितलास, त्या नौदल अधिकाऱ्याचाही. एवढ्या तेवढ्या कारणाने लोक कोर्टाबाहेर रांगा लावतात, आरोपीच्या कपड्यांची चर्चा करतात, हे काही नवीन नाही हे तू बरोबर ओळखलंस. आमच्याकडे मोठा खटला लागला की बाकावर जागा मिळावी म्हणून लोक सकाळीच रुमाल टाकून जायचे. डबे आणायचे. फाशी की जन्मठेप यावर चहाच्या पैजा लागायच्या. न्यायाची काळजी कुणाला नव्हती रे, प्रत्येकाला फक्त ‘मी आधीच म्हटलं होतं’ असं म्हणायची घाई होती. पण ते सगळे आरोपी, साक्षीदार केव्हाच मातीआड गेलेले. त्यांच्याबद्दल काय वाटेल ते बोललं तरी उठून कोण येणार आहे? तुझ्या या नव्या मालिकेतल्या, मोरा बंदराच्या खटल्याचं तसं नाही. त्यातली साक्षीदार वेणू अजून जिवंत आहे.

तुझ्या या मालिकेचे चारही भाग मी ऐकले, दोनदा. जासईच्या कंटेनर यार्डाजवळ भर दुपारी बारा वाजता काशिराम ठेकेदाराचा खून होतो. खाडीत भराव टाकण्यावरून मोऱ्याच्या बाळूचं त्याच्याशी आठवडाभर आधी भांडण झालेलं असतं. एक पहारेकरी लांबून बाळूसारखा माणूस पाहतो. आणि बाळूच्या बाजूने एकच साक्षीदार उभी राहते, मासे विकणारी वेणू. ती म्हणते, त्या वेळी बाळू मोऱ्याच्या धक्क्याजवळ होता, मी पाहिला. कुठल्या वेळी, असं विचारलं तर साक्षीच्या कागदावर उत्तर आहे: ‘मी सुकटीला गेले होते तेव्हा. घड्याळातली वेळ सांगता येत नाही.’ सुकट, म्हणजे सुकी मासळी आणायला गेलेली बाई, वेळ माहीत नाही, साक्ष ग्राह्य नाही, बाळूला जन्मठेप. तू ते वाक्य मागे ढोलकी लावून वाजवलंस. आता पोरं तिच्या घराबाहेर उभी राहून ‘ओ सुकटवाली’ म्हणून व्हिडिओ काढतात. रंजिता म्हणते, बाई विकत घेतलेली होती, आवाजावरूनच कळतं. केतन, तिचा आवाज कुणीही ऐकलेला नाही. तुझ्या भागात तो तुझ्या मैत्रिणीने काढलाय.

मी ऐकलाय तिचा आवाज. ते वाक्य मी टाइप केलंय.

आठवा महिना लागला होता मला. पाय असे सुजलेले की चपलेत मावत नव्हते. वेणू पिंजऱ्यात उभी राहिली, नाकात मोठी नथनी, कासोटा घातलेलं लुगडं. सरकारने दिलेला बाळूचा वकील घाटावरचा, न्यायाधीशसाहेबही घाटावरचे, आणि मी सदाशिव पेठेतून लग्न होऊन आलेली. ती इतकी ठाम बोलत होती की मला पहिल्याच मिनिटाला संशय आला. गरीब माणूस कोर्टात चाचरतो, ही चाचरत नाही म्हणजे पढवून आणली असणार. साहेबांनाही तसंच वाटलं असावं, त्यांच्या कपाळावर आठी होती. ते सांगत गेले, मी बडवत गेले. मग नियमाप्रमाणे साक्ष तिला वाचून दाखवायची होती. साहेब जेवायला उठले होते, म्हणून मीच वाचली, भराभरा. त्या वाक्याला तिने मला थांबवलं.

“बाय, सुकतीला. सुकटीला नाय.”

मी कागदाकडे पाहिलं. तीन कार्बन लावलेले. एक अक्षर बदलायचं म्हणजे चारही प्रतींवर खाडाखोड, प्रत्येक ठिकाणी साहेबांची सही, नाहीतर पान पुन्हा टाइप. माझी कंबर मोडत होती. मनात म्हटलं, या लोकांना ट म्हणता येत नाही, त्यात काय एवढं.

“एकच ते,” मी म्हटलं आणि शाईचा पॅड तिच्यापुढे सरकवला. तिने अंगठा उठवला. खाली मी टाइप केलं, वाचून दाखवले, बरोबर आहे.

एकच नव्हतं ते. तू सात वर्षांचा असताना आपण मोऱ्याहून लाँचने भाऊच्या धक्क्याला निघालो होतो, तुला आठवत असेल. तिकीट खिडकीवरच्या म्हाताऱ्याने सांगितलं की आता सुकती हाय, दोन तास लाँच नाय. मी विचारलं, सुकती म्हणजे? तो हसला आणि हाताने दाखवलं. पाणी पार मागे गेलं होतं. चिखलात होड्या कलंडल्या होत्या आणि दोघे जण एका होडीच्या बुडाला डांबर फासत होते. सुकती म्हणजे ओहोटी, केतन. तू खेकड्यांमागे धावत होतास आणि मी त्या म्हाताऱ्याला खोदून खोदून विचारत होते. त्याने हिशोब सांगितला: तिथीची पाऊणपट करायची, तेवढ्या वाजता भरती, आणि तिथून सहा तासांनी पुरी सुकती. वेणूने साक्षीत सांगितलं होतं की बाळू होडीला डांबर लावत होता. ते मी नीट टाइप केलं होतं. भरतीत कुणी होडीच्या बुडाला डांबर लावतं का? पण आम्हा घाटावरच्या तिघांपैकी कुणाला ते कळायला हवं होतं ना.

घरी आल्यावर मी जुनं पंचांग काढलं. खुनाचा दिवस अष्टमीचा होता. आठाची पाऊणपट सहा. सकाळी सहाला भरती, दुपारी बाराला पुरी सुकती. तिच्याजवळ घड्याळ नव्हतं, पण तिने वेळ सांगितली होती, अगदी चोख. बाळू बारा वाजता जासईपासून लांब, मोऱ्यात होता.

इथवर वाचून तुला वाटेल, आई, चूक झाली, माणूस आहेस. थांब. ज्या दिवशी मला हे कळलं त्या दिवशी बाळूला आत जाऊन सात वर्षं झाली होती आणि अजून सात उरली होती. मी हायकोर्टाला एक अर्ज लिहायला घेतला. दोन ओळी लिहिल्या आणि फाडला. नोकरी जाईल, पेपरात नाव येईल, लोक आपल्या दाराशी उभे राहतील, शाळेत तुला पोरं काय म्हणतील, असं सगळं मनात आलं. तुझं नाव मी नुसतं पुढे केलं. खरं म्हणजे मी भ्याले. बाळू चौदा वर्षांनी सुटला आणि दोन वर्षांत गेला. वर्तमानपत्रात दोन ओळी आल्या होत्या, त्या मी वाचल्या आणि तुझ्या बाबांना दुसरं पान वाचून दाखवलं.

गेल्या मंगळवारी मी मोऱ्याला गेले होते. बाबांना सांगितलं, दातांच्या डॉक्टरकडे जाते. वेणूने मला ओळखलं नाही. मी कोण ते सांगितलं तेव्हा ती कोलंबी सोलायची थांबली नाही. मी माफी मागितली, रडलेही, आणि रडताना मला माझाच संशय आला की हे तिच्यासाठी की माझ्यासाठी. ती म्हणाली, “बालू गेला. मना काय सांगतंस?” मग तिने मला तुझ्या लोकांबद्दल सांगितलं. येत्या रविवारी नाट्यगृहात तुझा शेवटचा भाग आहे, लोकांसमोर. तिला स्टेजवर बोलावलंय. तिला वाटतंय, तीस वर्षांनी का होईना, कुणीतरी तिचं म्हणणं नीट ऐकून घेणार आहे. समोर बसलेले तीनशे लोक मोबाइलवर बटण दाबून ‘खरी’ की ‘खोटी’ ठरवणार आहेत, हे तिला कुणी सांगितलेलं नाही. रंजिताने पुढच्या रांगेतली तिकिटं काढलीयत आणि तिचं बटण आत्ताच ठरलंय.

म्हणून हे पत्र, केतन. रविवारी स्टेजवरची तिची खुर्ची मला दे. हे सगळं मी तिथे वाचणार आहे, तुझ्या ढोलकीशिवाय. तुझा कार्यक्रम बुडेल की गाजेल मला माहीत नाही. लोक सोमवारपासून माझ्याबद्दल काय काय शोधून काढतील याची मला चांगलीच कल्पना आहे, आणि मला त्याची भीती वाटते. तू नाही म्हणालास तर मी प्रेक्षकांतून उठून वाचेन, तेव्हा मला माइक द्यायचा की नाही हे आईकडे बघून ठरव. वेणूला मी म्हटलं की तुम्ही येऊ नका, मी एकटी सांगते. तिने हात धुतले, पदराला पुसले आणि पहिल्यांदा माझ्याकडे नीट पाहिलं. म्हणाली, “मी येन. म्होरं बसन. तू वाच, चुकलीस तं सांगन.”

तुझीच,
आई
(वसुंधरा)