आईचं रान पुसलं गेलं नव्हतं

मी, रोहिणी सहादेव पालवे, वय ४५, ग्रंथपाल, राहणार सावेडी, शुद्धीवर आणि चांगल्याच आनंदात असताना हे लिहीत आहे. पुढच्या आठवड्यात पित्ताशयाची शस्त्रक्रिया आहे. डॉक्टर किरकोळ म्हणतात. तरी लिहिलेलं बरं.

१. फ्लॅट व बँकेतील शिल्लक माझी आई बनुबाई हिला. तिच्या पश्चात धाकटा भाऊ कल्याण याची मुलगी निकिता हिला.

२. पत्र्याच्या डब्यातला हातात धरून खेळायचा जुना व्हिडिओ गेम. कल्याणने २००८ साली पुण्याच्या जुन्या बाजारातून आणलेला, सगळा जपानी. त्यातल्या शेतीच्या खेळात आईने एक अक्षर न वाचता दोन वर्षं रान पिकवलं. गोल बटण म्हणजे 'व्हय', फुलीचं म्हणजे 'न्हाई', एवढ्यावर. एके दुपारी मी गोल दाबला, जपानी ओळ आली आणि रान दिसेना. कल्याण ओरडला, "ताई, पुसलंस ना आईचं रान!" आईने पुन्हा हात लावला नाही. तेव्हापासून दर दिवाळीला पंगतीत तेच: "ताईच्या हातात मोबाईल देऊ नका, पुसून टाकंल." मीही हसायचे. ती ओळ त्याच दिवशी डायरीत चित्रासारखी उतरवली होती. अर्थ शोधायची हिंमत पंधरा वर्षं झाली नाही.

३. यंदा घेतलेला नवा कन्सोल, म्हणजे तसंच हातात धरून खेळायचं यंत्र. त्यात कस्टम फर्मवेअर, म्हणजे हौशी लोकांनी बनवलेली प्रणाली, मी स्वतः तीन रविवार खपून टाकली. त्यावर जुने खेळ चालतात. शेतीच्या खेळाची प्रत जुन्या गेममधल्या माझ्याच चकतीवरून काढली आहे. म्हणून चकती आणि कन्सोल कायम एकाच माणसाकडे राहावेत. कायद्याचं माहीत नाही, माझ्या मनाला तसं बरोबर वाटतं. यात फुली म्हणजे 'हो' होतं; ते बदलून गोल केलं आहे. कोणी परत बदलू नये.

जुन्या गेममध्ये खेळलेलं साठवून ठेवणारं एक कार्ड असतं, त्यातलं सगळं यात उतरवलं आणि रान उघडलं. मुळ्याचे वाफे, कोंबड्या, जागच्या जागी. मग डायरीतली ओळ फोनच्या कॅमेऱ्याखाली धरली, फोनने मराठी केलं: "कार्ड वाचता येत नाही. काढून पुन्हा घाला."

आईने कन्सोल ओढूनच घेतला. "मुळं काढाय आल्यात की गं! दे हिकडं."

४. जुना गेम, त्याची चकती व कन्सोल आईला, नंतर निकिताला. पहिल्या मसुद्यात ते कल्याणला होते, त्याने चारचौघांत चूक कबूल केल्यास. अट खुनशी होती का? थोडी होती. साक्षीलाही कल्याणच हवा होता; वकीलबाई म्हणाल्या, वाटा मिळणाऱ्याने साक्षीदार नसावं, दोन्हींपैकी एक निवडा. कल्याण म्हणाला, "वाटा ऱ्हाऊ दे, ताई. पेन दे."

अट खोडली आहे.

अहिल्यानगर, १४ डिसेंबर २०२५
सही: रोहिणी सहादेव पालवे

आम्हां दोघांसमोर सही झाली:
१. मोनिका आदिनाथ शेळके, शेजारी, सावेडी
२. कल्याण सहादेव पालवे, केडगाव. ताईनं पुसलं न्हाई. मोबाईल खुशाल द्या.