मी चालवली की लागणारा दिवा

ती. वन्संना,

तुमच्या धाकट्या भावजयीचा पायांवर डोकं ठेवून नमस्कार. तुमचा गुडघा आता कसा आहे? नव्या गोळ्यांनी झोप येते म्हणाला होतात, ती आता रात्रीच येते ना, की अजून समोर पाहुणे बसलेले असताना येते? भावोजींचा खोकला थांबला असेल. (नसेल, तर उघड्या खिडकीत बसून पेपर वाचणं आधी बंद करायला सांगा.) इकडे आम्ही सगळे मजेत. मजेत म्हणजे कालपासून मजेत. त्याआधीचे दोन आठवडे कसे काढले ते माझं मला माहीत! पण काल शोध लागला, वन्सं, शोध लागला! कधी एकदा तुम्हाला सांगते असं झालंय. फोनच केला असता, पण तुम्ही फोनवर मधेच 'बरं बरं' म्हणून ठेवून देता, आणि ही गोष्ट 'बरं बरं'मध्ये मावणारी नाही. शिवाय मी तुमच्याशी बोलायला लागले की तुमचे बंधू पेपर उलटा धरून ऐकत बसतात. म्हणून शेजारची नर्स उद्या तुमच्याकडे यायला निघाली आहे, तिच्या हाती हे पत्र देते.

तर पहिल्यापासून सांगते. तुम्हाला अर्धं ठाऊक आहे, पण अर्ध्यावरून तुम्ही पूर्ण तर्क करता, म्हणून सगळंच लिहिते. नव्या हॉस्पिटलच्या एकशे चाळीस खिडक्यांचे पडदे मला मिळण्यासारखे आहेत. मोठ्या मेट्रनबाईंनी माझं काम पाहिलं, शिवण उलटून पाहिली, कापड उजेडात धरून पाहिलं, आणि मग एकच अट घातली. हॉस्पिटलच्या दोन इमारती गावाच्या दोन टोकांना आहेत, रोज मापं घ्यायची, ताग्यांची ने-आण करायची, तेव्हा गाडी स्वतः चालवत येणार असाल तर पहिल्या तारखेपासून या, नाहीतर आमच्याकडे दुसरी बाई आहे. (ती दुसरी बाई कोण हे मला माहीत आहे. तिचे पडदे एका धुण्यात वीतभर आटतात.) आता गाडी तर घरचीच! दुपारी बारा ते चार ती दारात नुसती उभी असते. आणि बावीस वर्षं गावाला गाडी शिकवणारा माणूस माझ्याच घरात जेवतो. मी म्हटलं, शिकवा. हेही हो म्हणाले. लायसन्सची परीक्षा येत्या गुरुवारी. ती हुकली तर पुढची तारीख सहा आठवड्यांनी, आणि एकशे चाळीस खिडक्या माझ्यासाठी सहा आठवडे उघड्या राहणार नाहीत.

पहिले आठ-नऊ दिवस झकास गेले. आपली शिकवणीची गाडी तुम्ही पाहिली आहे, बिनगिअरची, आणि ह्यांच्या बाजूच्या सीटपुढे ह्यांचा स्वतःचा जादा ब्रेक. दहाव्या दिवशी शाळेच्या रस्त्याने चाललो होतो, तर समोर एक पिवळा दिवा लागला. त्यावर चित्र होतं. मला ते आडव्या पडलेल्या नळाचं वाटलं, म्हणून मी म्हटलं, पाणी संपलं वाटतं. हे म्हणाले, ते इंजिन आहे. तेवढ्यात गाडीचा जीवच गेला. म्हणजे बंद पडली नाही, पण कितीही पाय दाबा, गाडी आपली रांगतेय. मागून एक आजोबा सायकलवरून आले, आमच्याकडे सहानुभूतीने पाहिलं आणि पुढे निघून गेले.

गाडी गॅरेजात नेली. तिथल्या मिस्त्रींना आम्ही मौनीबाबा म्हणतो, कारण ते दिवसाला मोजून दहा शब्द बोलतात आणि त्यातले सहा गाडीशी. त्यांनी स्टिअरिंगखाली ते स्कॅनरचं यंत्र जोडलं, बराच वेळ पाहिलं, आणि म्हणाले, पेडलचा सेन्सर. म्हणजे काय, तर आपण किती पाय दाबला हे इंजिनाला जाऊन सांगणारा एक चहाडखोर तिथे बसवलेला असतो, तो खोटं बोलतोय. चार दिवसांनी नवा चहाडखोर आला. बसवला. दिवा गेला. ह्यांनी दोन दिवस गाडी फिरवली, दिवा नाही. त्या बँकेतल्या कॅशियरला शिकवलं, दिवा नाही. त्या कॉलेजच्या मुलीला शिकवलं (ती तर गाडी चालवत नाही, उधळते), तरी दिवा नाही. मग मी बसले. दुसऱ्या वळणाला दिवा!

मौनीबाबांनी ब्रेकखालचं बटण बदललं. वायरी हाताने चाचपल्या. उंदराने कुरतडलंय का ते पाहिलं. पुन्हा तेच! सगळ्या जगाच्या हातात गाडी चालते, मी बसले की नळ उघडा. तुम्हाला खोटं वाटेल, पण मला माझीच शंका यायला लागली. आमच्या चिरंजीवांनी निदान केलं, की आईच्या बांगड्यांत लोहचुंबक असणार. शिक्षण वाया गेलं म्हणजे काय ते अशा वेळी कळतं. मी बांगड्या काढून बसले. मग हे म्हणाले, चपलांचा दोष. मी चपला घालून चालवली, कापडी बूट घालून चालवली, चिरंजीवांचे फुटबॉलचे बूट घालून चालवली, शेवटी अनवाणी चालवली. दिवा सगळ्यांत सारखाच लागला. आणि सोमवारी तुमच्या बंधूंनी जेवता जेवता, माझ्याकडे न बघता सांगून टाकलं, की काही माणसांचं आणि यंत्रांचं पटतच नाही, त्यात कमीपणा काही नाही, या खेपेला परीक्षा राहू दे.

राहू दे! वन्सं, मी भांडी घासताना रडले. आधी रागाने, मग पडद्यांसाठी, आणि मग नुसतीच. बावीस वर्षांत ह्यांनी अकराशे माणसं शिकवली. त्यात एक गृहस्थ असे होते, की त्यांना डावं-उजवं कळत नसे म्हणून ते हातावर पेनने लिहून आणत. त्यांनासुद्धा लायसन्स मिळालं. आणि ह्या अकराशेंत नापास होणारी एकटी मी, घरची!

पण मी पडदे शिवणारी बाई आहे. खिडकी वाकडी आहे की भिंत, हे मापं घेतल्याशिवाय मी कुणाला सांगू देत नाही. मंगळवारपासून पडद्यांच्या वहीत मागच्या पानावर मी रकाने आखले. तारीख, पायात काय, रस्ता कुठला, वेग किती, आणि दिवा लागला तेव्हा गाडीत कोण काय बोलत होतं. (शेवटचा रकाना उगीच, पान मोठं होतं म्हणून.) तीन दिवसांत दिवा अकरा वेळा लागला. मी पान पाहते तर काय! पहिले चार रकाने म्हणजे नुसती खिचडी, पण शेवटच्या रकान्यात अकराच्या अकरा वेळा एकच शब्द, 'गप्प'. म्हणजे हे 'अगं हळू', 'अगं डावीकडे', 'अगं ती म्हैस नाही, ती भिंत आहे' असं ओरडत असताना दिवा एकदाही लागलेला नाही. हे गप्प बसले, की मिनिटाभरात दिवा! त्यातच पाववाला भेटला. त्याची व्हॅन रोज आमच्या मागे असते. तो कुरकुरत म्हणाला, वहिनी, तुम्ही थांबणार कधी ते कळतच नाही, तुमचे मागचे लाल दिवे कायम पेटलेले!

मी वही घेऊन तडक गॅरेजात. मौनीबाबांनी शेवटचा रकाना दोनदा वाचला, आणि माझी शपथ, ते हसले. मग काल सकाळी ते यंत्र मांडीवर घेऊन मागच्या सीटवर बसले, मी चालवायला, हे बाजूला. शाळेचा रस्ता लागला. हे गप्प झाले.

"वहिनी, ब्रेकवर पाय आहे?"

"नाही हो."

"यंत्र म्हणतंय, आहे."

"यंत्राला काय कळतंय!" हे म्हणाले.

मौनीबाबा पुढे वाकले, दोन सीटांच्या मधून मान घालून खाली पाहिलं. त्याच क्षणी दिवा लागला. आणि ते अगदी हळू, झोपलेल्या माणसाला उठवावं तसं म्हणाले, "मास्तर, पाय."

वन्सं, ह्यांचा पाय ह्यांच्या ब्रेकवर होता! चांगला टाच रोवून, अंगठा वळवून ठेवलेला. आणि खरं सांगते, ह्यांना पत्ताच नव्हता. स्वतःच्याच पायाकडे असे बघत राहिले, जणू तो दुसऱ्या कुणाचा असून चुकून आमच्या गाडीत बसला आहे. ओरडताना ह्यांचं सगळं लक्ष तोंडात, त्यामुळे पाय मोकळा. (पहिले आठ-नऊ दिवस तर ह्यांचं तोंड थांबलंच नव्हतं.) गप्प बसले की सगळी भीती पायात उतरायची. इकडे मी गाडी पुढे ढकलतेय, तिकडे हे मागे ओढतायत. मौनीबाबांनी काल आपला महिन्याचा कोटा संपवून समजावून सांगितलं. गाडीच्या मेंदूला दोन्ही बातम्या एकदम पोचतात, पळव आणि थांबव. एकच माणूस असं करेल यावर त्याचा विश्वास बसत नाही, म्हणून तो ठरवतो की सेन्सर खोटं बोलतोय, दिवा लावतो आणि जपून रांगायला लागतो. सेन्सर बिचारा पहिल्यापासून खरं बोलत होता. पण गाडीला काय माहीत, की आत दोन माणसं आहेत आणि ती नवरा-बायको आहेत!

मी इतकी हसले, इतकी हसले, की गाडी कडेला घ्यावी लागली. मौनीबाबांनी विचारलं, मास्तर, बाकीच्यांना हे होत नाही, मग वहिनींनाच का? हे रुमालाने समोरची काच पुसायला लागले. मग म्हणाले, "बाकीचे तास संपला की आपापल्या घरी जातात." एवढंच. माझं हसू तिथेच थांबलं. अठ्ठावीस वर्षांत ह्या माणसाने मला एकदाही धड काही गोड बोलून दाखवलेलं नाही, आणि बोलले तेही गॅरेजवाल्यासमोर, आणि तेही माझ्याकडे न बघता. मला फार बरं वाटलं, वन्सं. तुमच्यापाशी लाजायचं काय?

मग ह्यांनी दोन्ही पाय वर घेऊन सीटवर मांडी घातली, आणि मी गाडी सोडली. काय पळाली हो! इतके दिवस मी जिला मरतुकडी समजत होते ती हीच का गाडी! शाळा गेली, पाण्याची टाकी गेली, मोकळा रस्ता, वाटेत कुणी आडवं आलं नाही. हे डोळे मिटून बसलेले, मौनीबाबा मागून 'दिवा नाही, दिवा नाही' म्हणतायत, आणि मी गाते आहे. असा पूर्ण फेरा मारून आम्ही गॅरेजच्या आवारात परत आलो, आणि तिथे गाडी थांबली.

तर असं आहे. बाकी विशेष काही नाही. हे सगळं फक्त तुम्हाला आनंद व्हावा म्हणून लिहिलं. भावोजींना नमस्कार, मुलांना आशीर्वाद.

तुमची,
भावजय

ता. क. परीक्षेच्या लेखी भागाची मी तयारी केली आहे. ब्रेक कुठे असतो, कधी दाबावा, किती अंतरात गाडी थांबते, सगळं तोंडपाठ.

ता. क. दुसरा. गाडी थांबली असं वर लिहिलं ते खरंच आहे, पण ती सात जुन्या टायरांच्या उतरंडीला लागून थांबली. कुणाला काही झालं नाही. एक चहाचा ट्रे गेला. त्याचं असं झालं, की शिलाई मशीनचा पाय उचलला की मशीन थांबतं, आणि इतके दिवस गाडीचंही तसंच होत होतं. पाय उचलला की थांबायची! मला वाटलं, गाड्या अशाच असतात. ती ह्यांच्या पायाने थांबत होती हे मला त्या टायरांपाशी समजलं. निघताना ब्रेक दाबून मधलं लिव्हर 'डी'वर ओढायचं कामही हेच करायचे. थोडक्यात, वन्सं, मला गाडी उत्तम चालवता येते, थांबवता येत नाही. आणि परीक्षेत बाजूला हे नसणार, इन्स्पेक्टर असणार. तेव्हा सोमवारपर्यंत तुम्ही निघून या. तुमचीही गाडी बिनगिअरची, बाजूला जादा ब्रेक नाही, आणि तुम्ही वीस वर्षं चालवताय तीही ह्यांच्याकडून न शिकता. तीन दिवसांत मला फक्त थांबायला शिकवा. गुडघ्याला तेल मी लावून देईन. ह्यांना सांगू नका मी बोलावलं म्हणून, सहज आले म्हणा.

ता. क. तिसरा (माझा). ताई, पाकीट चिकटवायला माझ्याकडे दिलं, म्हणून वाचलं. टायर सात नव्हते, नऊ होते. बाकी सगळं बरोबर आहे. तू ये. तिला गुरुवारी पास व्हायचंच आहे, आणि माझ्याकडून ती थांबायला शिकणार नाही, कारण तिच्याआधी मीच थांबवतो. तू शिकवशील तेव्हा मी मध्ये बोलणार नाही, फक्त मला मागच्या सीटवर बसू दे. काळजी करू नकोस, मागच्या सीटला ब्रेक बसवता येत नाही. मी गॅरेजात विचारून पाहिलं.