हिरव्या राणीची चौकट

दि. ४ जून

चि. सौ. धाकटीस,
अनेक आशीर्वाद.

तुझं पत्र पोचलं. उत्तराला उशीर झाला. मी बरा आहे. दुकान रोज उघडतो. लोकांना चष्मे लागतातच. जेवणाचं विचारलं होतंस. स्वयंपाक जमतो म्हणायचा. मीठ कधी दोनदा पडतं, कधी पडतच नाही.

एक गोष्ट तुलाच सांगता येईल म्हणून लिहितो. तुझ्या ताईचा टपाल तिकिटांचा आल्बम तुला माहीत आहे. नुसत्या राण्या. मुकुटवाल्या, ओढणीवाल्या, तरुण, थकलेल्या. तिच्या तिकीट मंडळाचे लोक येऊन गेले. तिच्या आठवणीसाठी पुढच्या महिन्यात वाचनालयात तिची पानं मांडायची म्हणतात. मी हो म्हटलं. फक्त शेवटच्या पानावर एक चौकट रिकामी होती. खाली तिच्या अक्षरात ‘हिरवी, डावीकडे पाहणारी’ एवढंच.

गेल्या आठवड्यात तिच्या नावानं टपाल आलं. दीपगृहात नोकरी केलेले ते गृहस्थ तुला आठवत असतील. ती त्यांना जहाजांची तिकिटं पाठवायची, ते तिला राण्या. तिची बातमी मी त्यांना कळवलेली नाही. त्यामुळे तिच्या नावाचं टपाल अजून येतं. पाकिटात हिरवी राणी होती, जुन्या लिफाफ्याच्या तुकड्याला चिकटलेली. चिठ्ठीत लिहिलं होतं की बाई, एकदाची सापडली, आता चौकट भरून टाका.

तिकीट कागदापासून सुटावं म्हणून तिला करताना पाहिलं होतं तसंच सगळं केलं. वाडग्यात कोमट पाणी, त्यात तुकडा, बाजूला टीपकागद आणि वर दाबून ठेवायला तिचा जाडा शब्दकोश. थोड्या वेळानं पाणी हिरवट दिसायला लागलं. चिमट्यानं उचलली तेव्हा राणी होती, रंग नव्हता. आजारातून उठलेल्या माणसासारखी पिवळट.

तिनं इतकी वर्षं वाट पाहिलेली वस्तू माझ्या हातून गेली. मंडळवाल्यांना नको म्हणून सांगणार आहे. आल्बम तू घेऊन जा. माझ्याच्यानं तो आता उघडवत नाही.

मुलांना आशीर्वाद. तुझी माया आहे तशी राहू दे.

तुझा भावोजी


दि. ११ जून

ती. भावोजींना,
सा. न.

पत्र वाचून आधी रडले, मग हसले. हिला झालंय तरी काय, असं तुमच्या साडूंनी दोनदा विचारलं. दोन्हींबद्दल माफ करा.

आल्बम मी नेणार नाही. आमच्याकडे तो गाद्यांच्या कपाटात जाईल आणि ताई स्वप्नात येऊन मला झापेल. तुमच्याकडेच राहू दे.

आता नीट ऐका. त्या हिरव्या तिकिटाची शाई मुद्दामच कच्ची होती. लोक टपालाचा शिक्का धुऊन तेच तिकीट पुन्हा लावायचे, म्हणून पाणी लागलं की रंगच उतरेल अशी शाई छापणाऱ्यांनी वापरली. लबाडांसाठी लावलेला सापळा आणि त्यात सापडलात तुम्ही, ज्यांना बसच्या तिकिटावरही लबाडी जमत नाही!

हे मला ताईनं सांगितलं. आणि ताईला कसं कळलं? तुम्ही केलंत तेच करून! तुम्ही काचा आणायला बाहेरगावी गेला होतात आणि मी तिच्या सोबतीला आले होते. तिनं हिरवी राणी मोठ्या कौतुकानं वाडग्यात सोडली आणि बाई मला राणीचा इतिहास सांगत बसल्या. शाळेत शिकवायची सवय, घंटा झाल्याशिवाय थांबायचं नाही. इतिहास संपेपर्यंत राणी पांढरीफटक. मग संध्याकाळपर्यंत माझ्याशी अबोला, जसं काही पाणी मीच ओतलं होतं. शेवटी म्हणाली की ह्यांना बोलू नकोस, जन्मभर चिडवतील. चौकट तेव्हापासून रिकामी आहे. म्हणजे तुम्ही तिचं काही घालवलं नाहीत. तिनं केलं तेच केलंत.

आणि ती राणी तिनं टाकली असेल असं वाटतं तुम्हाला? आल्बमच्या मागच्या कव्हरात हात घाला. जाड कागदाचं एक पान खोचलेलं असेल. त्याला ती दवाखाना म्हणायची. जाऊन बघा, मग मंडळाला काय ते कळवा.

एक लिहू का, रागावू नका. दीपगृहवाल्यांना सांगा. पाकीट मिळालं की नाही या काळजीत ते असतील. तिचं नाव पाकिटावर बघायला बरं वाटतं, कळतं मला. मीही अजून फोनमधून तिचा नंबर काढलेला नाही. पण त्यांना ती आहे असं वाटत राहणं बरं नाही.

जास्त बोलले असेन तर धाकटी म्हणून सोडून द्या, पण लोभ कमी करू नका.

तुमची,
धाकटी


दि. २० जून

चि. सौ. धाकटीस,
अनेक आशीर्वाद.

दवाखाना सापडला. दुपारी दुकान बंद ठेवून आल्बम उघडला. ओळीनं सगळ्या राण्या आणि प्रत्येकीखाली पेन्सिलीनं तिची तक्रार. ‘कडेचा एक दात गेला.’ ‘कोपरा फाटला, कुणाला सांगत नाही.’ ‘शिक्क्यानं नाक मोडलं, तरी मान ताठ.’ सगळ्यांत खाली ती फिकट, आणि तिच्याखाली ‘अंघोळ बाधली’.

मी मोठ्यानं हसलो. घरात आवाज घुमला तेव्हा माझा मीच दचकलो.

तिच्या शेजारी जागा होती. माझी राणी तिथे लावली. चिकटवायची कागदी पट्टी जिभेला लावावी लागते. चव वाईट. ती तोंड वाकडं का करायची ते आत्ता कळलं. पेन्सिलीला टोक काढलं. खाली लिहिलं, ‘हिलाही’.

पानं मंडळात नेऊन दिली आणि दवाखानाही मांडा म्हटलं. खराब तिकिटं प्रदर्शनात ठेवत नाहीत, असं अध्यक्ष म्हणाले. मी म्हटलं, मग बाकीचीही राहू द्या. मी असं कुणाला बोलत नाही, तुला माहीत आहे. ते चष्मा काढून पुसत बसले. चष्मा माझ्याच दुकानातला आहे. मग हो म्हणाले. चौकट मात्र मी रिकामी ठेवायला सांगितली आहे.

आज दीपगृहवाल्यांना लिहिलं. ती गेली, हे वाक्य मी अजून कुणाला लिहिलंच नव्हतं. तुम्ही सगळे इथेच होतात. चार ओळींना सगळी दुपार गेली. राणी पोचली, आणि मी ती पाण्यात घातली, हेही कळवलं. पुन्हा कधी हिरवी मिळाली तर पाठवा, आता रीत शिकून घेतो, असंही लिहिलं. तिनं त्यांच्यासाठी बाजूला काढून ठेवलेलं एक जहाज सोबत घातलं.

पाकिटाच्या मागे पाठवणाऱ्याचं नाव लिहिताना हात तिच्याच नावाकडे गेला. पहिलं अक्षर झालंही होतं. ते तसंच ठेवलं आणि त्याच्या खाली माझं नाव लिहिलं.

प्रदर्शनाला साडूंना घेऊन ये. स्वयंपाक मी करेन. मीठ तू बघ.

तुझा भावोजी