बर्फाच्या पठारावर दोन पोती मीठ

खलिफा सिटी, अबू धाबी

तीर्थस्वरूप भावोजींना बाबाजीचा साष्टांग नमस्कार. तुमचा गुडघा आता जिना चढू देतो ना? ताईचा घसा, कारखान्याचा कॉम्प्रेसर आणि मांजर, सगळ्यांची खुशाली कळवावी. आम्ही इथे खुशाल आहोत. (गेल्या शनिवारी हे वाक्य लिहायची माझी छाती झाली नसती.)

मॉलमधल्या एका प्रदर्शनात मला देखभालीचं काम मिळालं आहे, हे तुम्हाला ठाऊक आहेच. प्रोबेशन नीट पार पडलं तर नोकरी पक्की, आणि मग आशाला आणि आमच्या लेकीला, दर्शनाला, फॅमिली व्हिसावर आणता येईल. प्रदर्शन कसलं, तर उंच डोंगरांवरच्या बर्फाच्या पठाराचं. तिथून उतरणाऱ्या हिमनद्या कशा आटत चालल्यात ते दाखवायला एका थंडगार खोलीत खऱ्या बर्फाचं जीपएवढं पठार उभं केलंय आणि मागच्या भिंतीवर वर्षांच्या रेघा मारल्यात. प्रदर्शन संपेपर्यंत बर्फ हळूहळू उतरून शेवटच्या, म्हणजे आपल्या नातवंडांच्या काळातल्या रेघेला टेकायचा, असा बेत. म्हणजे वाळवंटात बर्फ आणायचा, तो वितळू द्यायचा आणि फार वितळू नये म्हणून मला पगार द्यायचा. (हसू नका, यात आशाचं येणं अडकलेलं होतं.)

शनिवारी इंजिनीअर रजेवर आणि कूलिंग बंद. दुपारी शाळेची मुलं यायची होती. पठाराला घाम फुटला, मलाही फुटला. अशा वेळी मला आठवला तुमचा देवगडचा बर्फाचा कारखाना. टाकीत तुम्ही पोत्यांनी मीठ ओतता आणि डब्यांतून कडक लाद्या निघतात, हे मी डोळ्यांनी पाहिलंय. मीठ घातलं की बर्फ टिकतो, असं माझ्या डोक्यात पक्कं बसलेलं. खालच्या सुपरमार्केटातून दोन पोती आणली आणि पठारावर सढळ हाताने पेरली. भावोजी, मीठ टाकीत डब्यांभोवतीच्या पाण्यात घालतात, बर्फावर टाकलं तर तो वितळतो, हे मला कोणी सांगायचं होतं? आमच्या घरचे जावई म्हणून इतकी वर्षं मान घेतलात, पण एवढं काही सांगितलं नाहीत!

पठार पावसात भिजलेल्या गुळासारखं बसत गेलं. भिंतीवरची शेवटची रेघही उघडी पडली. पाणी पुसायला आमचा ड्रायव्हर अर्सलान आला होता. तो पाकिस्तानातल्या स्कर्दूकडचा, त्याच्या गावावर खरी हिमनदी आहे. भिंतीकडे बघत तो म्हणाला, "बाबाजी भाई, हमारे यहाँ भी ऐसे ही पीछे गई. बस, किसी ने नमक नहीं डाला था."

तेवढ्यात मुलं आत आली आणि मागोमाग आमच्या मुख्य, लतिका मॅडम. मी मनातल्या मनात आशाला काय कळवायचं ते जुळवू लागलो. दंगा करत आलेली मुलं मात्र त्या उघड्या रेघांसमोर थबकली. एक मुलगी त्या पाण्यात उभी राहून म्हणाली, "बट व्हेअर डिड इट गो?"

मुलं गेल्यावर मॅडमनी मिठाची रिकामी पोती पाहिली आणि मला बाजूला घेतलं. "बाबाजी, इतके दिवस लोक इथे फक्त सेल्फी काढत होते. आज पहिल्यांदा कोणालातरी काही दिसलं. इंजिनीअरशी मी बोलते. यल्ला, चला, आता दर शनिवारी स्कूल्ससाठी एक छोटं मॉडेल असंच मेल्ट करायचं. आणि ते तूच करायचं." माझ्या कन्फर्मेशनवर त्यांनी त्याच संध्याकाळी सही केली. भावोजी, सुटलो! पार्किंगमध्ये जाऊन एकटाच हसलो आणि थोडा रडलोही. ताईला नमस्कार सांगा.

तुमचा मेहुणा,
बाबाजी

ता. क. पत्र खरं तर यासाठीच, की मीठ नेमकं किती टाकायचं ते कळवा. त्या दिवशी घाबरून टाकलं, आता कामाचा भाग म्हणून टाकायचंय, आणि मला ते येतं असा मॅडमचा समज आहे.

आणखी एक. आशाला मिठाचं बोलू नका. मी इथे बर्फ राखतो असं तिला सांगितलंय.

आणि शेवटचं. अर्सलान विचारतोय, तुमच्या कारखान्यात रोज एवढा बर्फ होतो, तर त्याच्या गावची हिमनदी थोपवायला तुम्हाला काही ठाऊक असेल का? मी नाही म्हणू शकलो नाही, भावोजींना विचारतो म्हणालो. पत्र अजून टपालात पडलेलं नाही, तरी तो रोज विचारतो, उत्तर आलं का म्हणून. काहीतरी लिहा.