खांद्यावरची थुंकी

बर्लिन, मार्च १९३८

आई गं,

मी ठणठणीत आहे. बाबांचा खोकला कसा आहे? टपाल उघडून वाचतात, म्हणून पत्र लोटेमावशीच्या हाती देतोय.

आयुष्यभर मेलेल्या राजांवरच सिनेमे काढले, कारण मेलेले तक्रार करत नाहीत. पण परवा मंजुरीसाठी नवा सिनेमा बघून सरकारी साहेबांनी विचारलं, "हा जुलमी राजा कोणासारखा वाटतो हो?"

"तीनशे वर्षांपूर्वीच मेलाय तो," मी म्हटलं.

ते हसले. यश यावं म्हणून माझ्या खांद्यावरून थू-थू-थू केलं, आणि घाबरून मी चक्क "आभारी आहे" म्हणालो! आभार मानले की शुभेच्छा उलटते, हे आपल्याकडे शेंबडं पोरही जाणतं. सगळ्यांचे चेहरे पडले.

राजाचं काम करणारा एगोन कालपासून घरी आलेला नाही.

आई, तिथूनच माझ्यासाठी थुंक. मी आभार मानणार नाही.

तुझाच,
लुत्स