तुमची दाढी सुटली तो सिनेमा

अप्पा, तुम्ही गेल्यावर मी कसला धंदा धरला ते तुम्हाला ठाऊक नाही. साफ आपटलेले, वाईट सिनेमे मी पडद्यावर लावते आणि शेजारी माइक घेऊन बोलत राहते. लोक तिकीट काढून हसायला येतात. चेन्नईत कित्येक वर्षं याच्यावरच पोट भरते आहे. या शनिवारी पहिल्यांदा आपल्या कुंभकोणमला खेळ आहे, भांडीबाजारामागच्या लग्नाच्या हॉलमध्ये, आणि सिनेमा तुमचा आहे.

तुमचा म्हणजे तुम्ही ज्यात ऋषी झालात तो. पितळी भांड्यांच्या दुकानात तराजूपाशी उभे असायचात. उंची बघून शूटिंगवाल्यांनी तुम्हाला जवळच्या तिरुवलंचुळी गावी नेलं. मग एक दिवस आम्ही सगळे ठेवणीतले कपडे घालून थिएटरात. तुम्ही शाप द्यायला हात उचललात आणि दाढी एका कानावरून सुटून लोंबायला लागली. सगळं थिएटर हसलं. सर्वांत मोठ्यानं मी. शेजारी बसलेल्या थोरल्या भावानं, अण्णानं, चिमटा काढला तरी मला आवरेना.

घरी तुम्ही पाटावर बसला आहात, आई डांगर पचडी वाढते आहे. मग तुम्ही मला विचारता, "हसलीस कशाला, तें सांग."

"दाढीला."

"गोंद हलका होता म्हणून दाढी सुटली. त्यांत हसायाला काय आहे? दाढी सुटली तसं शाप अर्ध्यावर सोडून मी कॅमेऱ्याकडं पाह्यलों. तें माझं चुकलं. हसायाचं तर त्याला हस."

मी त्या दिवशी रडले. रागावलात असंच वाटलं. आज त्याच बोलण्यावर माझा धंदा उभा आहे. कुणाचं तोंड, फाटकं पातळ, पुठ्ठ्याचा राजवाडा, याला मी हात लावत नाही. माणूस हातातलं काम सोडून भलतीकडे बघायला लागला, की तिथं मात्र सोडत नाही. अप्पा, तिथं लोक फार हसतात.

अण्णाचा फोन आला होता. "लोकांपुढें अप्पाला काय म्हणून उभं करतेस ग? तेवढं कापून टाक." मी नाही म्हटलं. इतकी वर्षं ज्यांच्यावर बोलले तेही कुणाचे तरी अप्पाच होते. आपला तेवढा झाकला तर पुन्हा माइक कुठल्या तोंडानं धरू? तो येणार नाही म्हणाला आहे. त्याची खुर्ची मी पहिल्या रांगेत ठेवली आहे, आणि कापणार काहीही नाही.

सिनेमात तुमच्या तोंडी आवाज तुमचा नाही, दुसऱ्याच कुणाचा जाडाभरडा तमिळ घातला आहे. तो मी बंद करणार आणि तुमचा शाप आपल्या घरच्या मराठीत देणार. अर्ध्या हॉलला कळणार नाही. न कळू दे.

हा कागद माइकच्या पेटीतच राहील, म्हणून एवढं लिहिते. हे अण्णालाही सांगितलेलं नाही: चार दिवस सराव करते आहे, पण तुमचा आवाज मला आता आठवत नाही. काढायला जाते तो माझाच निघतो. शनिवारी तोच तुमचा म्हणून लावणार आहे.