कॉस्टिंगच्या पेपराबाबत माझी अंतिम व्यवस्था

मी, सौ. छाया हेमचंद्र राजवाडे, वय ४६, राहणार देरा, दुबई, हे स्वखुशीने लिहिते. सोमवारी माझे ऑपरेशन आहे. डॉक्टर म्हणतात, काळजीचे कारण नाही. आश्वासनांवर विसंबण्याची सवय मला उरलेली नाही.

१. दागिने आणि दुबईतले सामान मुलगी ईशानीला. मोठा कुकर माझ्या जाऊबाईंनी मागितल्यास देऊ नये. कारण त्यांना माहीत आहे.

२. एप्रिल १९९९ मध्ये सुट्टी काढून पुण्यात बी.कॉम.ची शेवटची परीक्षा दिली. कॉस्टिंगमध्ये तीन गुणांनी नापास झाले. पुनर्मूल्यांकनाचा अर्ज, दोन स्मरणपत्रे, वकिलाची नोटीस. एकालाही उत्तर आले नाही. ग्राहक मंच म्हणाला, परीक्षा ही सेवा नव्हे. म्हणून उच्च न्यायालयात याचिका केली. तिथे गेल्या नोव्हेंबरात विद्यापीठाने सांगितले की उशीर आमचा नाही. सहीचा नमुना मागणारे रजिस्टर पत्र फेब्रुवारी २००० मध्येच पाठवले होते, विद्यार्थिनीने उत्तर दिले नाही.

३. येथे टपाल घरी येत नाही. आमचे टपाल यांच्या कंपनीच्या पोस्टपेटीत येते, आणि ती पेटी तेव्हा यांच्या हाताखालचे अक्रमभाई उघडत. मी संशय त्यांच्यावर घेतला. ईदला त्यांच्या घरून आलेला शीरखुर्मा परत पाठवला. महिन्यापूर्वी नोकरी सोडताना त्यांनी टपालाच्या वहीतील एका पानाची झेरॉक्स आणून दिली. "भाभी, इतकी वर्षं साहेबांच्या हाताखाली होतो. काय बोलणार?" म्हणाले. १४ मार्च २०००, पुण्याचे रजिस्टर पत्र, घेणाऱ्याची सही माझ्या पतीची.

अक्रमभाई या कागदावर साक्षीदार आहेत, आणि साक्षीदाराला काही देऊ नये, असे वकील सांगतात. माफी मागायला हरकत नसावी. ती इथे मागते.

यांना विचारले. "आलं असेल. रोज ढीगभर टपाल येतं," म्हणाले. टीव्हीवरची नजर काढली नाही. फेब्रुवारी २००० मध्येच मी जेवताना यांना बोलले होते की पदवी मिळाली की ईशानीला घेऊन पुण्याला जाईन, कायदा शिकेन.

४. वकिलांना दिलेले मुखत्यारपत्र माझ्याबरोबर संपते. माझ्यामागे ईशानीने याचिकेत आपले नाव लावण्याचा अर्ज करावा. ती म्हणते, "आई, लेट इट गो, तीनच मार्क्स आहेत." मी नापासच निघाले तरी चालेल. दुसऱ्या परीक्षकाने ती उत्तरपत्रिका उघडून वाचावी, एवढेच मागणे आहे.

५. पुण्याचा फ्लॅट मला माझ्या आईकडून मिळाला. 'हे पत्र मला १४ मार्च २००० रोजी मिळाले आणि मी ते पत्नीला दिले नाही' असे प्रतिज्ञापत्र श्री. हेमचंद्र यांनी ११ जूनच्या सुनावणीपूर्वी दिल्यास फ्लॅट त्यांचा. न दिल्यास ईशानीचा. मसुदा सोबत जोडला आहे. त्यात कारणासाठी जागा ठेवलेली नाही; कोर्टाला तारीख पुरते.

याची एक प्रत आज त्यांच्या हातात देत आहे. त्यांना ते कारण मला सांगायचे असल्यास सोमवारी सकाळी सहापर्यंत मी घरी आहे.

देरा, दुबई
शुक्रवार, १९ एप्रिल २००२

सही: छाया हेमचंद्र राजवाडे

आमच्यासमोर, प्रत्येक पानावर सही केली:
१. अक्रम परकार
२. जहांआरा मुकादम, शेजारीण